ते वाक्य त्यांचे नव्हते

साकोलीच्या बसस्थानकावर ते रोज सकाळी येऊन बसत आणि कोणतीही बस पकडत नसत. नागपूरकडून येणाऱ्या, रायपूरकडे जाणाऱ्या गाड्या थांबत, माणसे उतरत, चढत, जागेवरून भांडत. ते मधल्या बाकावर, कंडक्टरची असते तशी रेक्झिनची पिशवी मांडीवर घेऊन, ऐकत बसत. नव्याने बदलून आलेल्या कंट्रोलरने एकदा त्यांना हटकले.

"कुठं जाचं आहे, काका?"

"कुठंच नाही. जाऊन आलो."

हे खरे होते. कादंबरीकार म्हणून त्यांनी सुरुवात केली होती, नाव झाले ते चित्रपटांच्या पटकथांमुळे, आणि या दोन्हींच्या निमित्ताने ते जग बरेच हिंडले होते. पण शहरांबद्दल विचारले की ते तिथल्या बसस्टँडबद्दल बोलत. इस्तंबूलचा स्टँड मोठा आहे, पण बाकांना पाठ नाही. ताश्कंदला चहा चांगला मिळतो, पण फार वेळ बसू देत नाहीत. काठमांडूला दिवसभर बसा, कोणी उठवत नाही, मात्र कोणती गाडी कुठली हे शेवटपर्यंत कळत नाही. समुद्र, किल्ले, संग्रहालये त्यांच्या बोलण्यात कधी आली नाहीत. एका शाळेने त्यांना स्नेहसंमेलनाला प्रमुख पाहुणे म्हणून बोलावले. परदेशाविषयी दोन शब्द सांगा, असा मुख्याध्यापकांचा आग्रह होता. ते उभे राहिले आणि म्हणाले की ज्या गावात अनोळखी माणसाला विनाकारण बसू देतात ते गाव मोठे. बाकी इमारतींची उंची सगळीकडे थोड्याफार फरकाने सारखीच असते. एवढे बोलून ते बसले. मुख्याध्यापकांनी आभार मानताना त्यांच्या साधेपणाचा गौरव केला.

भंडारा जिल्ह्याचे दोन तुकडे होऊन गोंदिया वेगळा झाला, त्यानंतर काही काळाने ते मुंबई सोडून साकोलीला राहायला आले. मी तेव्हा नागपूरच्या एका दैनिकाचा साकोलीचा वार्ताहर होतो. स्टँडसमोरच्या झेरॉक्सच्या दुकानावर आमची एक खोली होती. तिला कार्यालय म्हणत. स्टँडवरची गर्दी ओसरली की ते जिना चढून वर येत. पहिल्या भेटीत मी त्यांना विचारले होते, इतक्या वर्षांनी जिल्ह्यात परत येऊन कसे वाटते. ते म्हणाले, "गेलो तेव्हा पूर्ण जिल्हा सोडून गेलो होतो. आलो तर अर्धाच शिल्लक. उशीर केला की असं होतं." मी ते हसण्यावारी नेले. ते हसले नव्हते.

त्यांच्या तीन भाषा होत्या. स्टँडवरच्या माणसांशी ते तिथल्या झाडीपट्टीच्या बोलीत बोलत, मुंबईहून फोन आला की हिंदीत, आणि माझ्याशी छापील मराठीत. एका भाषेतून दुसऱ्या भाषेत जाताना त्यांचा आवाजही बदले. मुंबईच्या फोनवर तो चढा असे आणि लवकर संपे. तिकडून काम येत होते, ते घेत नव्हते.

कारकीर्द थोडक्यात सांगण्यासारखी आहे. नागपुरात नोकरी करता करता दोन कादंबऱ्या लिहिल्या. पहिली छापली गेली आणि कोणी वाचली नाही. दुसरी बराच काळ कोणी छापली नाही. मग मुंबई. दुसऱ्यांच्या पटकथांची डागडुजी, नाव न लागता. त्यानंतर तो एक चित्रपट, ज्याच्या पटकथेवर आणि संवादांवर त्यांचे नाव पडद्यावर स्वतंत्रपणे आले. तो चालला. त्याला पुरस्कार मिळाला. मग चित्रपट, परदेशातली चित्रीकरणे, महोत्सव, आणखी काही कादंबऱ्या. नंतरच्या कादंबऱ्यांबद्दल समीक्षक आदराने लिहीत आणि लवकर आटोपते घेत. साकोलीच्या खोलीत त्यांच्याकडे स्वतःचे एकही पुस्तक नव्हते. पुरस्काराचे मानचिन्ह कुठे आहे, असे मी विचारले तेव्हा त्यांनी आठवण्याचा प्रयत्न केला आणि सोडून दिला.

तो चित्रपट लोकांच्या लक्षात राहिला तो त्यातल्या एका वाक्यामुळे. नायिकेच्या मुलाचा मृतदेह अंगणात आणतात आणि ती एक वाक्य बोलते, असा प्रसंग आहे. ते वाक्य मी इथे देत नाही. ज्यांनी चित्रपट पाहिला त्यांना ते पाठ आहे. ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी एवढे पुरे की ते स्वयंपाकघरातले, रोजचे वाक्य आहे आणि त्यात भाताचा उल्लेख आहे. ते ट्रकच्या मागे रंगवले गेले, लग्नाच्या वरातीतल्या नकलाकारांनी म्हटले, पुढाऱ्यांनी भाषणात वापरले. स्टँडवर कोणी ओळखले की पहिली फर्माईश तीच असे.

"काका, एक डाव तो डायलॉग म्हना ना. तुमच्या तोंडून."

"ते माझं नाही, बाबू."

"तुमचं नाही त कोनाचं? पाटीवर तुमचंच त नाव येते!"

"पाटीवर येते. पण माझं नाही."

लोक याला नम्रता समजत. आमच्या दैनिकानेही एका रविवार पुरवणीत त्यांच्या नम्रतेचा उल्लेख केला होता.

माझी बातमी ते वाचत, ती नागपूरला पाठवण्याआधी. कोणी सांगितले नव्हते. हातात कागद दिसला की ते घेत. एका शब्दावर त्यांचा विशेष राग होता. अपघाताच्या प्रत्येक बातमीत नातेवाइकांनी हंबरडा फोडलेला असे. ते पेन्सिलीने त्याखाली रेघ ओढत.

"तुम्ही ऐकलात?"

"सगळ्याच बातम्यांत असतो तो."

"ऐकलात का, ते विचारतो आहे."

"नाही. मी पोचलो तेव्हा मृतदेह भंडाऱ्याला नेला होता."

"मग काढा. न ऐकलेलं लिहायचं नाही."

या नियमाप्रमाणे मी लिहू लागलो. त्यानंतर काही महिन्यांनी जवळच्या एका गावात कालव्यात पडून एक मुलगा गेला. मी वेळेत पोचलो होतो. मुलाची आई ओसरीवर बसली होती आणि तिने जे म्हटले ते मी समोर उभे राहून ऐकले, शब्द न बदलता बातमीत लिहिले. ती बातमी चांगली झाली आहे, असे मला वाटत होते. त्यांनी वाचली आणि आईचे ते वाक्य खोडले.

मी म्हटले, "तिने हेच म्हटलं. मी तिथे होतो."

"म्हणूनच काढा."

"न ऐकलेलं लिहू नका म्हणता आणि ऐकलेलं काढा म्हणता."

"हो. दोन्ही." त्यांनी पेन्सिल कागदावर ठेवली. "तिला विचारलं होतं तुम्ही? हे छापू का म्हणून?"

अशा वेळी कोण विचारते, असे मी म्हणालो. तेव्हा त्यांनी ते सांगितले. स्वर बातमी सांगावी तसा होता.

लाखांदूर तालुक्यातल्या दिघोरीला त्यांची मोठी बहीण होती. आई-वडील लवकर गेल्यामुळे तिनेच त्यांना वाढवले होते, स्वतःच्या लग्नानंतरही. ते तिला बाई म्हणत. दुसरी कादंबरी कोणी छापेना त्या काळात ते नोकरीवर रजा टाकून तिच्याकडे जाऊन राहिले होते. तिचा थोरला मुलगा आठ-नऊ वर्षांचा होता. एका दुपारी तो जेवायला आला नाही. पोरांबरोबर तलावावर गेला होता. मासे धरणाऱ्या ढिवरांनी जाळे टाकून त्याला काढले आणि अंगणात आणून ठेवले. बाई चुलीपासून उठून बाहेर आली आणि एक वाक्य बोलली.

"मी रडत होतो," ते म्हणाले. "ते ऐकलं आणि माझं रडणं थांबलं."

"धक्क्याने?"

"नाही. वाक्य चांगलं होतं म्हणून."

पुढे मुंबईत एक दृश्य काही केल्या जमेना. दिग्दर्शक शेजारच्या खोलीत बसून होता. त्यांनी ते वाक्य लिहून दिले. दिग्दर्शकाने वाचले, उठून त्यांना मिठी मारली आणि सांगितले की आता तुझे नाव पाटीवर स्वतंत्र येईल.

मी आईचे वाक्य काढून बातमी पाठवली. दुसऱ्या दिवशी अंक आला. नागपूरच्या डेस्कवर कोणाला तरी बातमी कोरडी वाटली असावी. डेस्कने शेवटी एक ओळ घातली होती. आईने फोडलेला हंबरडा उपस्थितांचे काळीज पिळवटून टाकणारा होता. त्यांनी ती ओळ वाचली आणि मोठ्याने हसले. त्यांना तसे हसताना मी दुसऱ्यांदा पाहिले नाही.

"चला," ते म्हणाले. "निदान कोणाचं चोरलेलं नाही."

चित्रपट साकोलीच्या टॉकीजला लागला तेव्हा काय झाले, हे मला दिघोरीत वेगवेगळ्या लोकांनी सांगितले आणि त्या हकिकती एकमेकींशी जुळतात. ते स्वतः तेव्हा चित्रीकरणासाठी परदेशात होते. बाईला बाल्कनीत बसवा, असा निरोप त्यांनी टॉकीजच्या मॅनेजरला पाठवला होता. गावातल्या बाया ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बसून आल्या. बाईंना मधोमध बसवले होते, कारण पिक्चर त्यांच्या भावाचा होता. तो प्रसंग आला. टॉकीजमध्ये रडारड झाली. बाई रडल्या नाहीत. परत जाताना ट्रॉलीत त्या कोणाशी बोलल्या नाहीत आणि इतर बायांच्या ते लक्षात आले नाही, कारण त्या सगळ्या ते वाक्य आपापसात म्हणून पाहत होत्या. मुलगा गेला त्या दिवशी अंगणात उभ्या असलेल्या शेजारणींनाही आठवले नाही की हे आपण आधी ऐकले आहे. पुढे वर्षभर दिघोरीत खेळायला गेलेल्या पोरांना जेवायला बोलावताना बाया ते वाक्य गमतीने म्हणत. नायिकेसारखा आवाज काढून म्हणत. बाईंच्या घरासमोरूनही म्हणत.

भाऊ परदेशातून आला, साड्या घेऊन दिघोरीला गेला. बाईंनी त्याला जेवू घातले आणि एक शब्द बोलल्या नाहीत. वर्षभरात विसरेल, असे त्याला वाटले. ती वीस-बावीस वर्षे झाली.

साकोलीला आल्यापासून ते दर रविवारी दिघोरीला जात. बाईंचे यजमान वारले होते, धाकटा मुलगा तुमसरला राइस मिलमध्ये कामाला होता, घरी बाई आणि सून. धानाच्या बातम्यांसाठी मला लाखांदूर तालुक्यात जावे लागे. तीन-चारदा मी त्यांच्याबरोबर त्या घरी जेवलो आहे. भिंतीवर बुद्धाची आणि बाबासाहेबांची तसबीर, खाली बाईंच्या यजमानांचा फोटो. त्या मुलाचा फोटो नव्हता. त्याचा फोटो कधी काढलाच गेला नव्हता.

जेवणाची पद्धत ठरलेली होती. बाई स्वतः वाढत. बहीण-भावामध्ये हाताचे अंतर असे, आणि दोघे सुनेमार्फत बोलत.

"इचार त्याले, भाजी आनखी पाह्यजे काय."

सून वळून म्हणे, "मामाजी, भाजी पाह्यजे काय?"

"बाईले सांग, पुरे. पोट भरलं."

"सासूबाई, पुरे म्हणते."

"त्याले म्हना, साकोलीले काय खाते? वाळून गेला."

"मामाजी, वाळून गेले म्हणते तुमी."

एकदा सून वैतागली. हातातली पळी भांड्यात ठेवून म्हणाली, "तुमी दोघं एकमेकाचं आयकूनच राहिले ना? मंग मले कायले मधात टाकता? माह्यं जेवन थंडं होऊन राहिलं." मी हसलो. भाऊ हसले. बाईंनी हसू दाबले आहे, असे मला वाटले. खात्रीने सांगता येत नाही. मग त्या सुनेला म्हणाल्या, "त्याले इचार, ताक देऊ काय."

बाईंच्या मनात काय आहे, हे सुनेने मला त्यांच्या शब्दांत सांगितले होते. लग्न होऊन आल्यावर तिने एकदा धीर करून विचारले होते की सासूबाई, एवढा राग कायचा. बाई म्हणाल्या होत्या, "मांगतलं असतं त देल्लं असतं. मले इचारलंच नाही." यापलीकडे त्या या विषयावर कधी काही बोलल्याचे ऐकिवात नाही.

सुनेने मामाजींनाही एक गोष्ट सांगितली होती, ते साकोलीला राहायला आले तेव्हाच. टीव्हीवर तो पिक्चर असला की सासूबाई त्या दिवशी जेवत नाहीत. सकाळपासून पानी पेत नाही, म्हणाली. त्यांनी ऐकून घेतले.

त्यानंतर कधीतरी माझ्या लक्षात आले की कार्यालयात आल्यावर ते आधी टीव्हीच्या कार्यक्रमांचा रकाना पाहतात. बाकी पेपर नंतर. काही दिवशी रकाना पाहून ते चहा न घेताच उठत आणि लाखांदूरची गाडी पकडत. रविवार सोडला तर रोज बाकावर बसून कुठेही न जाणारा माणूस असा अचानक गाडीत चढलेला पाहून कंट्रोलर मला खालून हाक मारून विचारी, "काकाची तब्येत बरी आहे न?"

ते दिघोरीला जात, पण बहिणीकडे नाही. केबलवाल्याकडे जात. हा मुलगा आपल्या घराच्या पुढच्या खोलीतून गावाला आणि आजूबाजूच्या दोन-तीन वस्त्यांना केबल पुरवी. बहिणीचे सासर असल्यामुळे सारे गाव त्यांना मामा म्हणे, तोही म्हणे. त्याच्या खोलीत यंत्रांच्या ढिगासमोर स्टुलावर बसून ते चित्रपट पाहत. प्रसंग कुठे येतो ते त्यांना पाहण्याची गरज नव्हती, तरी पाहत. त्याच्या थोडे आधी ते हात वर करत. मुलगा ते चॅनल बंद करी. प्रसंग संपला की हात खाली, आणि चॅनल पुन्हा चालू. त्यामुळे त्या काळात दिघोरीच्या टीव्हीवर तो चित्रपट नेहमी मध्ये तुटत असे, आणि नेहमी एकाच जागी.

"पब्लिक मले शिव्या देते, मामा," मुलगा म्हणे. "लोडशेडिंग म्हणून सांगतो त लोकं म्हणते, पंखा त चालू आहे."

"मग काय सांगतोस?"

"वरूनच गेलं म्हणतो. केबलवाल्याले दुसरं काय येते सांगता?"

"तेच सांगत जा."

"मॅच असती न मामा, त आतापावेतो माह्या खोपडीले टाके पडले असते. पिक्चर आहे म्हणून वाचलो."

हे त्या मुलानेच मला सांगितले. यात काही चूक आहे, असे त्याला वाटत नव्हते, आणि मलाही नाही. त्यांना आयुष्यात एकच गोष्ट परत घ्यायची होती. देशभरातून ती घेणे शक्य नव्हते. त्यांनी निर्मात्याला एकदा विचारून पाहिले होते. निर्माता म्हणाला, तो सीन काढला तर पिक्चरमध्ये राहते काय. म्हणून त्यांनी ती एका गावापुरती परत घेतली. असे काही वर्षे चालले.

एका हिवाळ्यात, धानाची मळणी आटोपल्यावर, बाई स्वतः केबलवाल्याच्या दारात जाऊन उभ्या राहिल्या. आदल्या दिवशी चित्रपट होऊन गेला होता. त्या कधी कोणाच्या दारात जात नसत, म्हणून मुलगा उठून उभा राहिला.

"का गा बाबू, तो पिक्चर आला का तुही तार तिथंच काहून तुटते?"

"वरूनच जाते, मावशी."

"वरून म्हंजे कुठून?"

"दिल्लीहून."

"दिल्लीवाल्याले कसं मालूम पडते का तो सीन आला?"

बाई हलल्या नाहीत. मुलाने सांगून टाकले की मामा येतात, हात वर करतात. तुमाले तरास होऊ नये म्हणून, मावशी, असेही तो म्हणाला.

बाई दाराच्या पायरीवर बसल्या. "कव्हापासून?"

"मामा साकोलीले आले तव्हापासून."

मुलाने पुढचे मला जसेच्या तसे सांगितले, आणि ते सांगताना तो माझ्याकडे पाहत नव्हता. बाई म्हणाल्या, "पयले मले आग लागली व्हती, बाबू. मंग धाकट्यानं टीव्ही आनला, अन् तो पिक्चर येत राहिला, येत राहिला. माह्यापाशी त्या लेकराचा फोटोबी नाही. चेहरा इसरून राहिली मी त्याचा. ते बाई तसं म्हणते न, त मले तो दिसते. तेवढाच दिसते. त्या दिवशी मी त्याच्यासाठी उपाशी बसतो. अन् तो आला का तुही तार तुटते."

मुलगा म्हणाला की चुकलं, मावशी.

"तुहं नाही चुकलं." उठताना त्यांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "त्याले निरोप दे. म्हना, बाईनं बलावलं. रविवारची वाट नोको पाहू म्हना."

मुलाने साकोलीला फोन केला. फोन आमच्या कार्यालयातला होता. त्यांच्या खोलीवर नव्हता. मी फोन त्यांच्या हातात दिला. फोन ठेवल्यावर त्यांनी मला केबलवाला काय म्हणाला ते सांगितले, सगळे, क्रमाने. मग म्हणाले, "मी तिचं दोनदा नेलं."

त्या दिवशी दुपारी काय झाले याला साक्षीदार नाही. सून म्हणते, मामाजी अंगणात आले आणि सासूबाईंनी तिला सांगितले, जा, वावरात जाऊन ये. वावरात त्या दिवशी काही काम नव्हते. ती बांधावर जाऊन बसली. उन्हे कलल्यावर परत आली तेव्हा मामाजी जेवत होते आणि सासूबाई समोर बसल्या होत्या. तिने विचारले, काही पाह्यजे काय, मामाजी. बाई म्हणाल्या, "तू बस. मी इचारतो त्याले." आणि वळून भावाला विचारले की भात वाढू का.

दुसऱ्या दिवशी ते जिना चढून वर आले आणि खुर्चीवर बसले. टीव्हीचा रकाना पाहिला नाही.

"बाई बोलली," ते म्हणाले.

"काय म्हणाल्या?"

त्यांनी मान हलवली.

"मी छापणार नाही."

"तुम्ही नाही छापणार, माहीत आहे." मुंबईचा, परदेशाचा, पुरस्काराचा माणूस माझ्यासमोर हात गुडघ्यांत धरून बसला होता. "मी तीस वर्षं हेच काम केलं. कोणी काही बोललं की तोंडात घोळवून पाहायचं, बसतंय का. हे एकदाही तोंडात घेतलेलं नाही. एकदा कोणाला सांगितलं की त्याचा संवाद होतो."

त्यानंतर ते स्टँडवर कमी दिसू लागले. आठवड्यातून तीन-चार दिवस दिघोरीला असत. सून मला एकदा लाखांदूरच्या बाजारात भेटली तेव्हा म्हणाली, "माह्यं काम कमी झालं, भाऊजी. आता डायरेक्ट भांडते दोघं. काल त वांग्याच्या भाजीवरून भांडले." ती आनंदाने सांगत होती. तिला वाटत होते, हे आता असेच चालेल. मलाही तसेच वाटत होते.

उन्हाळा सुरू झाला आणि ते गेले. साकोलीच्या खोलीत, सकाळी, स्टँडवर जायला निघण्यापूर्वी. डॉक्टरांनी हृदयविकार सांगितला. बहीण-भावांना बोलायला हिवाळ्याचा शेवट आणि उन्हाळ्याचे तोंड एवढाच काळ मिळाला.

देह दिघोरीला नेला. बाई रडल्या नाहीत. बायांनी त्यांना धरून ठेवले होते, पण धरण्यासारखे त्यांनी काही केले नाही. वर्तमानपत्रांनी ते वाक्य मथळ्यात घेऊन मृत्युलेख छापले. एका वाहिनीने त्या आठवड्यात तो चित्रपट दाखवला आणि दिघोरीत केबल गेली नाही. बाईंच्या घरी टीव्ही लावलेला नव्हता.

पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाला अंगणात मांडव घातला होता. टेबलावर बुद्धाची आणि बाबासाहेबांची तसबीर, बाजूला त्यांचा फोटो. भंतेंनी वंदना घेतली. मग भाषणे झाली. नागपूरहून आलेल्या एका वक्त्याने शेवटी, डोळे मिटून, ते वाक्य म्हटले. मागच्या रांगेत टाळ्या सुरू झाल्या आणि मध्येच थांबल्या, कारण पुढच्या रांगेतल्या गावच्या लोकांनी बाईंकडे पाहिले होते. बाई समोर पाहत होत्या. त्यांनी सुनेला खुणेने सांगितले की आता पाने मांडा.

जेवणे झाली, बाहेरगावचे लोक गेले. मी निघालो तेव्हा सून बोलवायला आली. बाई घरामागे, चुलीच्या बाजूला खाटेशी उभ्या होत्या.

"तो तुमच्यापाशी येऊन बसे," त्या म्हणाल्या. एवढ्या वर्षांत त्या माझ्याशी थेट पहिल्यांदाच बोलत होत्या.

"हो. रोज."

"मी त्याले त्या दिवशी जे म्हटलं, ते सांगतलं काय त्यानं तुमाले?"

"नाही."

"इचारलं नसन तुमी."

"विचारलं होतं. सांगितलं नाही."

त्या माझ्या चेहऱ्याकडे पाहत राहिल्या. मग त्यांनी विचारले, "मुंबईवाल्याले? फोनवर? कोनाले तरी सांगतलं असन."

"कोणालाच नाही, बाई."

"कोनालेच नाही?"

"नाही."

त्या खाटेवर बसल्या. सून पुढे होत होती. तिला त्यांनी हाताने तिथेच थांबवले. मग त्या रडल्या.